रविवारची रिकामी जागा

"पेनलानला लाल लागलंय," डिलविन म्हणाला. त्याचे बूट शेणाने भरले होते, म्हणून तो ऑफिसच्या दारातच टोपी हातात घेऊन उभा राहिला. "अर्धी टेकडी चढलो आणि टँकरच्या पडद्यावर लाल. दूध उचलू नका म्हणे. मग काय, त्यांच्याच अंगणात गाडी वळवली आणि रिकामा खाली आलो. म्हातारा दारात उभा होता. मी आपला आरशात बघत राहिलो, त्याच्याकडं बघवेना."

मेन्नाने चहाचा कप खाली ठेवला. "टेगिडकाकांचं पेनलान?"

"मग कुणाचं? चॅपेलात सूर देतात त्यांचंच."

"काही म्हणाले?"

"चहा घेऊन जा म्हणाले." डिलविनने टोपी हातात फिरवली. "त्यापेक्षा शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं."

आमच्या खोऱ्यातली दूधसंस्था सभासदांची आहे. पूर्वी एकाने बाहेरून स्वस्तात आणलेलं दूध आपल्या टाकीत ओतून संस्थेला विकलं, तेव्हापासून नियम झाला. एखाद्या गोठ्याचं दूध कारण नसताना वाढलं की कंप्युटर त्या शेतापुढे लाल खूण करतो. चौकशी होईपर्यंत त्यांचं दूध उचलायचं नाही. आणि दर शुक्रवारी ती खूण सगळ्या सभासदांच्या फोनवर जाते, लपवाछपवी नको म्हणून. नियम करताना सगळ्यांनी हात वर केले होते, टेगिड पेनलाननेसुद्धा; आमच्याकडे माणसाला त्याच्या शेताचंच नाव लागतं. पण लाल रंग चौकशीची वाट बघत नाही. तो शुक्रवारच होता, आणि डिलविन टेकडी उतरेपर्यंत पोस्टात, पेट्रोलपंपावर आणि खाटकाच्या दुकानात पेनलानचंच बोलणं चालू झालं होतं.

मेन्ना प्रॉसर संस्थेत नेमकं काय करते हे खोऱ्यात कुणालाच सांगता येत नाही. तिचे वडील याच संस्थेच्या दुधाच्या लॉरीवर होते, ते सगळ्यांना कळायचं, लॉरी दिसते. मेन्नाचं काम दिसत नाही. दुधाचे आकडे संस्थेत तीन वाटांनी येतात. शेतकरी रोज सकाळी टाकीचा आकडा हातातल्या छोट्या यंत्रात घालतात, टँकरचं मीटर आपलं वेगळंच मोजतं, आणि प्रयोगशाळेकडून स्निग्धांश येतो. तिघांची बोली निराळी. ते आकडे आत घ्यायला कंप्युटरवर तीन साधनं आहेत, पण आकडे निवडणं, पुसणं, एका साच्यात बसवणं ही कामं ती साधनं स्वतः करत नाहीत. त्यासाठी ती एकाच सामायिक फाइलकडे येतात, काम करून घेतात आणि निघून जातात. ती फाइल कुणी उघडत नाही. उघडली तर तिला चेहरा नाही, खिडकी नाही, बटण नाही. चॅपेलच्या व्हेस्ट्रीत, म्हणजे मागच्या खोलीत, कपाटभर कपबशा असतात ना, लग्नाला त्याच, मयताच्या चहाला त्याच, नाताळाला त्याच, आणि त्या कुणाच्याच नसतात, तसं तिचं आहे. एखादा कप फुटला तरच कपाटाची आठवण होते.

अशा फायलींना कंप्युटरच्या धंद्यात लायब्ररी म्हणतात. त्यावरून टेगिडकाकांच्या बायकोचा, मार्गेडकाकूंचा, कित्येक वर्षं समज होता की मेन्ना वाचनालयात कामाला आहे. भेटल्या की मोठ्या अक्षरांची कादंबरी मागायच्या. शेवटी मेन्ना स्वतः विकत घेऊन त्यांना नेऊन देऊ लागली. समजावण्यापेक्षा ते सोपं होतं.

डिलविन गेल्यावर तिने पेनलानचे आकडे काढले. गेले तीन आठवडे रविवारी शून्य. गेले तीन आठवडे सोमवारी दुप्पट. बाकीचे दिवस नेहमीसारखे. त्याआधी, वर्षभर मागे गेलं तरी, रविवारचा आकडा व्यवस्थित भरलेला.

 तीन आठवड्यांपूर्वी तिनेच ती फाइल साफ केली होती. संस्थेने नवी यंत्रं घेतली, जुनी फाइल त्यांवर अडखळू लागली, तेव्हा तिने एकेक जुना नियम काढून बघितला आणि जो लागत नव्हता तो टाकून दिला. त्यात एक रविवारचा नियम होता. तो तिनेच लिहिलेला, नोकरीच्या पहिल्या वर्षी. तेव्हा टेकडीवरची निम्मी शेतं रविवार पाळायची. गाईंना रविवार कळत नाही, धारा काढाव्याच लागतात. पण आकडा वाचायचा नाही, लिहायचा नाही, हिशेबाच्या वस्तूला हात लावायचा नाही. सोमवारी सकाळी दोन्ही दिवसांचा मिळून एकच आकडा यायचा. तेव्हाचे मॅनेजर एलिस म्हणाले होते, "पोरी, माणसांना बदला म्हणून सांगायला जाऊ नकोस. ती म्हातारी माणसं आहेत, तुला चहा पाजतील आणि तेच करतील. त्यापेक्षा फाइलला शिकव." मग तिने फाइलला शिकवलं होतं: रविवार रिकामा आला तर सोमवारचा आकडा दोघांत वाटून टाक.

तो नियम काढण्याआधी तिने खात्री करून घेतली होती. सगळ्या शेतांचे रविवार बघितले होते. एकही रिकामा नव्हता. मुद्दाम पेनलान बघितलं, तिथेही आकडा. म्हणजे टेगिडकाकांनीसुद्धा रविवार पाळणं सोडलं, असं तिच्या मनात आलं होतं, आणि कुठेतरी टोचलं होतं. खरं सांगायचं तर टोचता टोचता जरा हलकंही वाटलं होतं. तीही हल्ली रविवारी चॅपेलात कोटाच्या खिशात फोन ठेवून बसायची; प्रवचन रंगात आलं की तो मांडीपाशी थरथरायचा, आणि ती व्हेस्ट्रीत जाऊन ऑफिसला उत्तर देऊन यायची. काकांनीच सोडलं तर आपलं काय घेऊन बसलीस.

म्हणून आता पडद्यावरचं शून्य बघून तिला काहीच सुचेना. वर्षभर आकडा लिहिणारा माणूस अचानक रविवारी शून्य का लिहील?

संस्थेचे अध्यक्ष ओवेन वॉटकिन यांना मात्र सगळं सुचलं होतं. ते दुपारी तिच्या टेबलापाशी आले, उभ्याउभ्याच म्हणाले, "भाचा."

"कसला भाचा?"

"टेगिडचा. गेल्या वर्षी आपण त्याचा करार मोडला ना, टाकी घाण ठेवतो म्हणून. आता त्याचं दूध रविवारी गुपचूप मामाच्या टाकीत येतंय. रविवारी टेकडीवर कोण फिरकतं? मार्गेडला भाच्याचा पुळका, आणि टेगिडला मार्गेडपुढं तोंड उघडता येत नाही. साधी गोष्ट आहे."

"तुम्ही विचारलंत त्यांना?"

"सोमवारी बैठक आहे, तिथं विचारू."

"तोवर दूध?"

वॉटकिन तिच्यापेक्षा खिडकीकडेच जास्त बघत होते. "मेन्ना, तो माझ्या लग्नात गायलाय. मला काय हौस आहे?"

शनिवारी सकाळी ती स्वतःच टेकडी चढली. मार्च महिना, कुंपणाच्या आडोशाला नुकती जन्मलेली कोकरं आयांच्या पोटाला चिकटून उभी होती. पेनलानच्या अंगणात टेगिडकाका पाण्याचा पाइप धरून फरशी धूत होते. गटाराच्या कडेला अजून पांढरी साय धरलेली होती, मांजर ती चाटत होतं. एवढंच दूध त्या मांजराच्या वाट्याला आलं असावं. बाकीचं खाली शेणाच्या तळ्यात गेलं होतं.

"आत जा," काका पाइप न थांबवता म्हणाले. "काकू तव्यापाशी आहे. मी हे संपवून येतो."

मार्गेडकाकू तव्यावर मनुकांच्या टिकल्या भाजत होत्या. मेन्नाला बघून त्यांनी एक टिकली तिच्या हातावर ठेवली, गरम होती तरी. "रात्रभर झोपले नाहीत," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "धार काढायची आणि ओतायची. गाईंच्या अंगावर ओरडले काल. लग्न झाल्यापासून मी त्यांना गाईवर ओरडताना ऐकलं नव्हतं."

काका आले, हात पुसून टेबलाशी बसले. कोटाच्या आतल्या खिशातून त्यांनी रुमालात गुंडाळलेलं काहीतरी काढलं आणि तिच्यासमोर ठेवलं. तिला न उघडताच कळलं. नादकाटा. आमच्या सोआर चॅपेलमध्ये दर रविवारी टेगिडकाका तो गुडघ्यावर आपटतात, कानाशी नेतात, आणि हलक्या आवाजात सूर देतात. मग सगळं चॅपेल तो उचलतं. त्यांच्या आधी त्यांचे वडील देत होते, त्याच काट्यावर.

"उद्या ब्राइनला दे," काका म्हणाले.

"ब्राइनकाकांना सूर लागत नाही, काका. त्यांना आवाज आहे, सूर नाही."

"लागेल. सगळे मिळून लावतील."

"आणि तुम्ही?"

"मी मागं बसेन. येणार तर आहेच." त्यांनी चहात साखर घातली आणि ढवळत राहिले. "लोकांपुढं उभं राहून सूर द्यायचा म्हणजे लोकांनी तो घ्यावा लागतो. खोऱ्यातल्या प्रत्येकाच्या फोनवर माझं नाव लाल आहे. त्यातला एक जरी उद्या माझ्या तोंडाकडं बघून गायचा थांबला, तर मी कशाला उभा राहू?"

"कुणी थांबणार नाही."

"तू इथं का आलीस मग? टिकल्या खायला?"

काकू म्हणाल्या, "तिला बोलू तरी द्या."

मेन्नाने टिकली खाली ठेवली. वाटेत तिने फिरवून विचारायचं असं चार तऱ्हांनी ठरवलं होतं. तोंडातून सरळच निघालं. "काका, गेले तीन आठवडे तुम्ही रविवारी शून्य का लिहिता?"

काकांचा चमचा थांबला. "शून्य?"

"हो. रविवारी शून्य आणि सोमवारी दुप्पट."

"मी रविवारी काहीच लिहीत नाही, मेन्ना. कधीच नाही. ते यंत्र शनिवारी संध्याकाळी मी त्या फडताळात ठेवतो, सोमवारी काढतो."

"गेल्या वर्षी? गेल्या वर्षी तर रविवारचे आकडे आहेत. मी स्वतः बघितलेत."

"असतील. मी लिहिलेले नाहीत." ते काकूंकडे वळले. "तू लिहितेस का गं?"

"मला ते यंत्र धरायला कोण देतंय?"

"रविवारची जागा मी रिकामी सोडतो," काका म्हणाले. आता त्यांचा आवाज चढला होता. भांडण्याचा नव्हे, एखादी गोष्ट नीट कळावी म्हणून चढतो तसा. "शून्य मी जन्मात लिहिणार नाही. शून्य म्हणजे त्या दिवशी गाईंनी दूध दिलं नाही, असं झालं. ते खोटं आहे. गाई देतात, देव देतो, मी फक्त त्या दिवशी मोजत नाही. रिकामी जागा निराळी आणि शून्य निराळं. एवढं तुमच्या कंप्युटरला कळत नसेल तर मी काय करू?"

 तव्यावर एक टिकली जळत होती आणि कुणाचंच लक्ष नव्हतं.

गेल्या वर्षीचे ते आकडे काकांनी लिहिलेच नव्हते. ते तिच्या फाइलने भरले होते. दर सोमवारी, तिने नोकरीच्या पहिल्या वर्षी शिकवलं होतं तसं, कुणाला न विचारता, कुणाला न सांगता, ती फाइल पेनलानचा रविवार भरत आली होती. आणि मेन्नाने ते भरलेले रविवार बघून ठरवलं होतं की आता नियमाची गरज नाही. गाळून आलेलं दूध बघून गाळणी फेकून दिली होती. नियम गेल्यापासून तीच फाइल काकांच्या रिकाम्या जागी शून्य टाकत होती.

"काका," ती म्हणाली, "हे मी केलंय."

मग तिने सांगितलं. फार तांत्रिक सांगितलं नाही, पण काही झाकलंही नाही. टेगिडकाका शेवटपर्यंत ऐकत होते. काकूंनी जळकी टिकली उचलून कुत्र्याला टाकली.

"म्हणजे इतकी वर्षं," काका शेवटी म्हणाले, "मी रविवारी हात जोडून बसायचो, आणि तुझी ती फाइल माझ्या नावानं काम करायची?"

मेन्नाला हसू आवरलं नाही, आणि रडूही जवळच होतं. "हो, काका."

"बघ," ते काकूंना म्हणाले. "मी म्हणत नव्हतो, आपण पाळतो त्याच्या मागं कुणीतरी राबत असतं म्हणून?"

"तुम्ही असलं काहीही म्हणत नव्हता," काकू म्हणाल्या.

नादकाटा मेन्नाने कोटाच्या खिशात टाकला. "हा मी ब्राइनकाकांना देणार नाही."

"तू आधी तुझं काम कर," काका म्हणाले. "आणि ऐक. जे करायचं ते आज कर. उद्या माझ्यासाठी त्या खुर्चीवर बसलीस तर मला चालणार नाही. त्यापेक्षा मी दूध ओतेन."

शनिवारी ऑफिसात कुणी नसतं. तिने जुन्या प्रतीतून रविवारचा नियम काढला आणि परत बसवणार तेवढ्यात थांबली. होता तसा बसवला की काम झालं असतं; लाल गेलं असतं, फाइल पुन्हा काकांच्या नावाने आकडे लिहू लागली असती आणि पुढे आणखी कुणीतरी ते बघून फसलं असतं. तिने नियम बदलला. रिकामी जागा रिकामीच राहील. तिथे ना वाटून दिलेला आकडा येईल, ना शून्य. पडताळणी करताना मात्र रविवार आणि सोमवार एकत्र धरले जातील. मग तिने तिन्ही साधनं पहिल्यापासून चालवून बघितली. या वेळी तिने फाइलमधून बाहेर पडलेलं बघितलं नाही. यंत्रातून कच्चं येतं ते आधी बघितलं आणि मग बाहेर पडलेलं. पेनलानची लाल खूण गेली. बाकी एकाही शेताचा आकडा हलला नाही.

आता उरलं सभासदांना कळवायचं. तो निरोप अध्यक्षांच्या परवानगीशिवाय जात नाही, आणि अध्यक्ष रग्बी क्लबात होते. कार्डिफला सामना चालू होता. क्लबात पाय ठेवायला जागा नव्हती. सगळे लाल जर्सी घालून पडद्याकडे तोंड करून उभे होते. मेन्ना वॉटकिनच्या बाहीला धरून म्हणाली, "पेनलानचं सापडलं."

"मध्यंतरात सांग."

"आता सांगते."

"मेन्ना, आपण तीन गुणांनी मागं आहोत."

"टेगिडकाका त्याहून मागं आहेत."

जवळ उभा असलेला डिलविन हसला. त्याच्या हातात लिंबाचं सरबत होतं. संध्याकाळी त्याची फेरी होती. वॉटकिन कुरकुरत दाराबाहेर आले. तिने थोडक्यात सांगितलं. ऐकताना त्यांचा चेहरा हळूहळू सैल पडला. भिंतीला पाठ टेकून ते म्हणाले, "भाचा नाही?"

"भाचा नाही."

"बरं झालं. देवा, बरं झालं." त्यांनी तोंडावरून हात फिरवला. "रात्री बायको माझ्याशी बोलली नाही. टेगिडवर आळ घेणारा तू कोण, म्हणाली. बरं, डिलविनला आत्ताच वर पाठवू. आणि लाल काढून टाक."

"काढलंय. सभासदांना निरोप पाठवायचाय."

"निरोप कशाला? लाल गेलं, दूध उचललं, लोक आपोआप विसरतील."

"विसरत नाहीत. माझ्या वडिलांच्या लॉरीतून एकदा दोन कॅन सांडले होते. त्यांच्या मयताला आलेला एक जण मला त्या कॅनबद्दल बोलला."

वॉटकिननी एकदा दारातून आत बघितलं. मग म्हणाले, "ठीक आहे, लिही. यंत्रातल्या बिघाडामुळं, असं लिही."

"यंत्र बरोबर होतं. मी चुकले."

"अगं, पण मग लोक म्हणतील मेन्नाची फाइल चुकते. उद्या कुणाचा स्निग्धांश कमी आला की तुझ्या नावानं ओरडत येतील."

"येऊ देत. मी दारात उभी राहीन आणि चहा देईन." तिने फोन त्यांच्यापुढे धरला. तिथे तीन ओळी लिहिलेल्या होत्या: पेनलानच्या दुधात काही गैर नव्हतं. टेगिड पेनलान यांनी प्रत्येक आकडा खरा लिहिला. आकडे आत घेणाऱ्या फाइलमधून मी एक नियम चुकून काढला, त्यामुळे लाल लागलं, मेन्ना प्रॉसर.

वॉटकिननी वाचलं. पुन्हा वाचलं. "माझंही नाव घाल खाली," ते म्हणाले. "भाच्याचं मी चार जणांना बोललोय."

निरोप गेला तेव्हा ते दोघे परत क्लबात शिरत होते. आत एकाच वेळी सगळ्यांच्या खिशांत घुंई घुंई झालं. पडद्यावर चेंडू कुणाच्या तरी हातात होता, पण निम्मी डोकी खाली वळली.  मग खाटीक मोठ्याने म्हणाला, "मी काल सांगत होतो, टेगिड असलं काही करणारा माणूस नव्हे."

"काल तू सांगत होतास रविवारी रात्री त्याच्या अंगणात दिवे दिसतात म्हणून," डिलविन म्हणाला.

"दिवे दिसतात. दिवे लावायला बंदी आहे काय?"

लोक हसले. वॉटकिनही हसले, जरा जास्तच मोठ्याने. डिलविनने सरबताचा ग्लास संपवला आणि टोपी घातली.

"सामना संपू दे की," कुणीतरी म्हणालं.

"गाडीत रेडिओ आहे," तो म्हणाला. "अंधाराआधी वर पोचतो. काल चहा राहिलाय माझा."

रविवारी मेन्नाने फोन घरी, पावाच्या डब्यावर ठेवला. दार ओढून घेतल्यावर सवयीने तिचा हात कोटाच्या खिशात गेला आणि नादकाट्याला लागला.

सोआर चॅपेलमध्ये आता खालचा मजलासुद्धा भरत नाही. वरच्या सज्ज्यात मेन्नाच्या लहानपणी मुलं बसायची, तिथे आता गाद्यांवर धूळ आहे. पण त्या दिवशी नेहमीपेक्षा चार डोकी जास्त होती. खाटीक आला होता, मिशीला तेल लावून. वॉटकिन बायकोच्या शेजारी बसले होते, आणि बायको त्यांच्याशी बोलत होती. टेगिडकाका अजून दारातच होते, कोटाची बटणं लावत. मेन्नाने रुमालासकट काटा त्यांच्या हातात दिला. त्यांनी तो घेतला, रुमाल नीट घडी करून वरच्या खिशात ठेवला, आणि पुढे चालत गेले, प्रवचनाच्या ओट्याखाली त्यांच्या नेहमीच्या जागी.

पाहुणे प्रवचनकार म्हणून रेव्हरंड एलवेद आले होते. ऐंशी ओलांडलेले, हाडं दिसतात असे, आणि आवाज सुरुवातीला इतका बारीक की पुढच्या बाकांनाही कान द्यावा लागतो. पण आमच्याकडे सगळे वाट बघतात ती पुढच्या घटकेची. बोलता बोलता त्यांचं वाक्य लांबतं, शेवटचा शब्द वर जाऊन थांबतो, पुढचं वाक्य त्याच उंचीवरून सुरू होतं, आणि बघता बघता बोलण्याचं गाणं होतं. त्या दिवशी ते एका मेंढपाळाचं सांगत होते. तो शनिवारी संध्याकाळी फाटक लावायचा आणि फाटकावर हात ठेवून म्हणायचा, आता उद्यापुरतं तू बघ. एवढीच गोष्ट. पण तीन सुरांवर, पुन्हा पुन्हा, फाटक लाव आणि उद्यापुरतं त्याला बघू दे, असं ते म्हणत राहिले, आणि तो म्हातारा आवाज भिंतीभिंतीला लागून मोठा होत गेला. मागच्या बाकांवरून कुणीतरी हुंकार दिला. मेन्नाची मांडी थरथरली नाही. कितीतरी दिवसांनी प्रवचन सुरुवातीपासून शेवटपर्यंत तिच्या वाट्याला सलग आलं होतं.

मग टेगिडकाका उभे राहिले. त्यांनी काटा गुडघ्यावर आपटला, कानाशी नेला. डोळे मिटले. तेवढ्या क्षणात मेन्नाने श्वास धरून ठेवला होता, आणि तिच्या लक्षात आलं की पुढे मार्गेडकाकूंनीही धरला आहे, त्यांचे खांदे वर होते. काकांनी हलक्या आवाजात सूर दिला. एकटा, जरासा खरखरीत.

सगळ्यात आधी खाटकाने तो उचलला, मोठ्याने, आणि किंचित चढा. मग बायकांचा आवाज त्याखाली येऊन बसला, मग वॉटकिन, मग ब्राइन, ज्यांना सूर लागत नाही पण त्या दिवशी लागला. काकूंचे खांदे खाली आले.

बाहेर पडताना टेगिडकाका मेन्नाला एवढंच म्हणाले, "खाटकाला सांग, जरा खाली गात जा."

सोमवारी सकाळी ती ऑफिसात आली तेव्हा सगळ्या शेतांचे आकडे येऊन पडले होते. तिने एकेक ओळ खाली नेत बघितली. रविवारच्या रकान्यात सगळीकडे आकडे होते, काळे, नीट, भरलेले. पेनलानच्या ओळीत मात्र एक पांढरा चौकोन होता. काहीही न लिहिलेला. तिच्या नोकरीच्या पहिल्या वर्षी या रकान्यात कितीतरी चौकोन असे पांढरे असते, आणि तेव्हा फाइलने ते सगळे भरून टाकले होते.

खाली रस्त्यावर डिलविनचा टँकर टेकडी उतरत होता, भरलेला, हळू गिअरमध्ये. तिने त्या पांढऱ्या चौकोनाला हात लावला नाही, आणि पुढच्या ओळीवर गेली.